अँजिओपॅथी : शब्द एक, आजार अनेक

रिपोर्ट हातात पडतो तो बहुधा संध्याकाळी. डॉक्टरांची वेळ दुसऱ्या दिवशीची असते आणि मधली रात्र घरातले सगळे त्या कागदावरचे शब्द लावण्यात घालवतात. मेंदूच्या एमआरआयच्या शेवटच्या ओळीत ‘मायक्रोअँजिओपॅथिक चेंजेस’ असे लिहिलेले असते. त्यातले ‘अँजिओ’ तेवढे ओळखीचे वाटते आणि कोणीतरी म्हणते, ‘म्हणजे ब्लॉकेज आहे. आता अँजिओप्लास्टी करावी लागणार.’ दुसऱ्या एखाद्या घरात याच्या उलट घडते. मधुमेह असलेल्या वडिलांच्या डिस्चार्ज कार्डावर ‘डायबेटिक अँजिओपॅथी’ असे असते. पण ऑपरेशन सांगितलेले नाही, तेव्हा फार काही नसावे, असे समजून तो कागद फायलीत जातो.

पहिल्या घरातली भीती बऱ्याचदा अनाठायी असते. दुसऱ्या घरातला निर्धास्तपणा मात्र पाय गमावण्यापर्यंत नेऊ शकतो. दोन्ही ठिकाणी घोळ एकाच शब्दाचा आहे, म्हणून तो नीट समजून घ्यायला हवा.

तीन ‘अँजिओ’

ग्रीक भाषेत ‘अँजिऑन’ म्हणजे भांडे, पात्र. शरीरात रक्त वाहून नेणाऱ्या नळ्यांना हे नाव मिळाले आणि त्याला वेगवेगळे शेपूट जोडून शब्द तयार झाले. ‘अँजिओग्राफी’ म्हणजे रक्तवाहिन्यांचे चित्र घेणे, अर्थात तपासणी. पोर्तुगालमधील इगास मोनिझ यांनी १९२७ मध्ये मेंदूतील रक्तवाहिन्यांचे असे चित्र प्रथम मिळवले. ‘अँजिओप्लास्टी’ म्हणजे अरुंद झालेली रक्तवाहिनी आतून रुंद करणे, अर्थात उपचार. आणि ‘अँजिओपॅथी’ म्हणजे रक्तवाहिनीचा आजार. ‘पॅथॉस’ म्हणजे दुखणे, व्याधी.

बोलण्यात मात्र या तिन्हींचे ‘अँजिओ’ होते. ‘काकांची अँजिओ झाली’ या वाक्यावरून काकांची फक्त तपासणी झाली की स्टेंटही बसला, हे कळत नाही. कागदावर अँजिओपॅथी दिसली म्हणजे अँजिओप्लास्टी आलीच, हा समज इथूनच तयार होतो. प्रत्यक्षात अँजिओपॅथीचे अनेक प्रकार असे आहेत की त्यांत फुगा किंवा स्टेंट घालण्याचा प्रश्नच येत नाही. त्या रक्तवाहिन्या इतक्या बारीक असतात की तिथे कोणतीही नळी पोहोचू शकत नाही.

काही डॉक्टर याच अर्थाने ‘व्हॅस्क्युलोपॅथी’ लिहितात. तो शब्द लॅटिनमधून आला आहे आणि त्याच्याही मुळाशी भांडेच आहे. अर्थात फरक नाही. ‘व्हॅस्क्युलायटिस’ मात्र वेगळा. ‘आयटिस’ हे शेपूट दाह दाखवते; तिथे रक्तवाहिनीच्या भिंतीला सूज आलेली असते आणि उपचारांची दिशाच बदलते.

‘नस’ नेमकी कोणती?

मराठीत आणखी एक अडचण आहे, ती ‘नस’ या शब्दाची. सलाइन लावताना ‘नस सापडत नाही’ म्हणतात तेव्हा ती शीर असते, म्हणजे हृदयाकडे रक्त परत नेणारी वाहिनी. ‘हृदयाची नस ब्लॉक आहे’ यातली नस म्हणजे धमनी, हृदयाकडून अवयवांकडे रक्त नेणारी. आणि ‘मणक्यात नस दबली आहे’ यातली नस रक्तवाहिनीच नव्हे. तो मज्जातंतू आहे. मराठी विश्वकोशाने धमनीला ‘रोहिणी’ आणि शिरेला ‘नीला’ असे वेगळे, सुंदर शब्द वापरले. पण बोलण्यात ‘नस’च राहिली.

अँजिओपॅथी रक्तवाहिनीची असते, मज्जातंतूची नव्हे. मज्जातंतूच्या आजाराला ‘न्यूरोपॅथी’ म्हणतात. हा फरक केवळ शब्दांचा नाही. चालताना पोटरीत गोळा येतो, पाय भरून येतो, अशी तक्रार घेऊन साठीतला माणूस येतो तेव्हा घरच्यांनी ‘नस दबली’ असे निदान आधीच केलेले असते. मग मालिश, शेक, कमरेचा पट्टा यांत काही महिने निघून जातात. प्रत्यक्षात दोष पायाच्या धमनीत असेल, तर तेवढा वेळ हातचा जातो.

या दुखण्याला वैद्यकात ‘क्लॉडिकेशन’ म्हणतात. मूळ लॅटिन शब्दाचा अर्थ लंगडणे. गंमत अशी की त्याचे पहिले वर्णन माणसाचे नाही, घोड्याचे आहे. १८३१ मध्ये बूले या फ्रेंच पशुवैद्याने धावताना मागचे पाय लंगडणारा आणि थांबल्यावर पुन्हा बरा होणारा घोडा पाहिला. पुढे १८५८ मध्ये शार्को यांनी माणसातला हाच प्रकार नोंदवला. चालताना स्नायूंना जास्त रक्त लागते. अरुंद धमनीतून ते पुरत नाही आणि स्नायू दुखू लागतो. ठरावीक अंतर चालल्यावर दुखणे, नुसते उभे राहिले तरी काही मिनिटांत थांबणे आणि पुन्हा तेवढेच चालल्यावर परत सुरू होणे, ही त्याची खूण. मणक्यातील नस दबल्याने होणारे दुखणे बहुधा नुसते उभे राहून जात नाही; बसल्यावर किंवा पुढे वाकल्यावर बरे वाटते.

मोठ्या नळ्या, बारीक नळ्या

अँजिओपॅथीचे दोन मोठे गट पडतात. हृदय, मेंदू आणि पाय यांना रक्त पुरवणाऱ्या मोठ्या व मध्यम धमन्यांचा आजार म्हणजे मॅक्रोअँजिओपॅथी. यात धमनीच्या आतल्या भिंतीत चरबीचा थर साचतो. त्याला ‘अथेरोस्क्लेरोसिस’ म्हणतात. हा शब्द १९०४ मध्ये जर्मन विकृतिशास्त्रज्ञ फेलिक्स मार्चंड यांनी रूढ केला. ‘अथेरे’ म्हणजे लापशी आणि ‘स्क्लेरोसिस’ म्हणजे कडक होणे. आत लापशीसारखा मऊ साका आणि भोवती कडक कवच, असे ते नेमके वर्णन आहे. हृदयविकाराचा झटका, पक्षाघात आणि पायाचे गँगरीन हे या गटाचे परिणाम.

दुसरा गट मायक्रोअँजिओपॅथीचा. महाधमनीची रुंदी सुमारे अडीच ते तीन सेंटिमीटर असते, तर केशवाहिनीची एका लाल रक्तपेशीएवढी, म्हणजे मिलिमीटरच्या शंभराव्या भागाहूनही कमी. अशा वाहिन्यांची भिंत बिघडली की ती झिरपू लागते किंवा बंद पडते. मधुमेहात हे सर्वप्रथम डोळ्याच्या पडद्यात, मूत्रपिंडात आणि मज्जातंतूंना रक्त पुरवणाऱ्या सूक्ष्म वाहिन्यांत दिसते. रेटिनोपॅथी आणि नेफ्रोपॅथी ही वेगळी नावे वाटली, तरी मुळाशी हाच आजार आहे.

भारतात १० कोटींहून अधिक लोकांना मधुमेह असल्याचा अंदाज आयसीएमआरच्या २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या देशव्यापी अभ्यासाने मांडला. त्यामुळे ‘डायबेटिक अँजिओपॅथी’ हे शब्द यापुढे आणखी घरांत पोहोचणार. त्यांच्यापुढे ‘मॅक्रो’ आहे की ‘मायक्रो’, यावर पुष्कळ अवलंबून असते. ब्रिटनमध्ये टाइप २ मधुमेहाच्या रुग्णांवर दीर्घकाळ चाललेल्या ‘यूकेपीडीएस’ या अभ्यासाचे निष्कर्ष १९९८ मध्ये आले. साखरेवर कडक नियंत्रण ठेवलेल्या गटात सूक्ष्म रक्तवाहिन्यांचे आजार २५ टक्क्यांनी कमी झाले. मोठ्या धमन्यांच्या आजारात मात्र त्या टप्प्यावर तितका स्पष्ट फरक दिसला नाही. तो पुढच्या दहा वर्षांच्या पाठपुराव्यात दिसू लागला. याच अभ्यासात ज्यांचा रक्तदाब अधिक काटेकोरपणे आटोक्यात ठेवला, त्यांच्यात पक्षाघात ४४ टक्क्यांनी कमी झाले. याचा सरळ अर्थ असा, की ‘साखर कंट्रोलमध्ये आहे’ एवढ्याने मोठ्या धमन्या सुरक्षित होत नाहीत. त्यांच्यासाठी रक्तदाब, कोलेस्टेरॉल आणि तंबाखू या तिन्हींकडे लक्ष द्यावे लागते.

नाव सारखे, गांभीर्य वेगळे

एमआरआयमधील ‘मायक्रोअँजिओपॅथिक चेंजेस’ साठीनंतर अनेकांच्या रिपोर्टमध्ये सापडतात. मेंदूच्या बारीक रक्तवाहिन्यांवर वयाचा आणि रक्तदाबाचा परिणाम झाल्याचे ते चिन्ह असते. थोडे बदल असतील तर घाबरण्याचे कारण नसते, पण रक्तदाब तपासून घेण्याचे असते. बदल खूप असतील तर पक्षाघात, तोल जाणे, विस्मरण यांचा धोका वाढतो.

‘सेरेब्रल अमायलॉइड अँजिओपॅथी’ हे वेगळे प्रकरण. त्यात मेंदूच्या रक्तवाहिन्यांच्या भिंतीत अमायलॉइड नावाचे प्रथिन साचते आणि उतारवयात मेंदूत रक्तस्राव होऊ शकतो. अशा रुग्णाला रक्त पातळ करणारी औषधे द्यावीत का, हे फार विचार करून ठरवावे लागते. म्हणून हे शब्द रिपोर्टमध्ये असतील, तर प्रत्येक नव्या डॉक्टरला ते दाखवणे आवश्यक असते.

‘थ्रॉम्बोटिक मायक्रोअँजिओपॅथी’ ही तर तातडीची अवस्था. बारीक रक्तवाहिन्यांत गुठळ्या होतात, प्लेटलेट घटतात, लाल पेशी फुटतात आणि मूत्रपिंडासारखे अवयव धोक्यात येतात. तिथे उद्यावर काही ढकलता येत नाही. म्हणजे ‘मायक्रोअँजिओपॅथी’ हाच शब्द एका कागदावर वयाची नोंद असतो, तर दुसऱ्या कागदावर अतिदक्षता विभागाचे कारण.

पायाकडे पाहा

या सगळ्यात सर्वाधिक दुर्लक्ष होते ते पायाकडे. जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या वर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीत मधुमेहाच्या नोंदीखाली ‘पेरिफेरल अँजिओपॅथी’, गँगरीन आणि जखम हे तिन्ही एकाच क्रमांकाखाली ठेवले आहेत. एकातून दुसरे कसे उद्भवते, हे त्यावरून लक्षात यावे. डॉक्टर याच आजाराला पीएडी किंवा पीव्हीडी असेही म्हणतात.

मधुमेहात दुहेरी संकट असते. धमनी अरुंद होते आणि त्याच वेळी न्यूरोपॅथीमुळे पाय बधिर होतो. त्यामुळे क्लॉडिकेशनची वेदना जाणवतच नाही. चपलेतला खडा, मंदिराची तापलेली फरशी, गरम पाण्याची पिशवी किंवा घरीच ब्लेडने कापलेले कुरूप यांतून जखम होते. ती कळत नाही आणि रक्त कमी असल्याने भरतही नाही. रोज रात्री तळवे व बोटांमधल्या जागा पाहणे, ही यावर बिनखर्चाची तपासणी आहे.

दवाखान्यातही पहिली तपासणी साधी असते. दंड आणि घोटा या दोन ठिकाणचा रक्तदाब मोजून त्यांचे गुणोत्तर काढतात. त्याला अँकल-ब्रेकियल इंडेक्स म्हणतात. तो ०.९० किंवा त्याहून कमी असेल, तर पायाच्या धमन्यांत अडथळा असल्याचे मानले जाते. मात्र जुन्या मधुमेहात धमन्या चुन्यासारख्या कडक होतात आणि आकडा १.४० च्याही वर जातो. तो चांगला नव्हे; अशा वेळी अंगठ्यातला दाब किंवा डॉपलर पाहावा लागतो.

तंबाखूचा उल्लेख इथे टाळता येत नाही. मधुमेह नसलेल्या तरुणांतही पायाच्या रक्तवाहिन्या बंद पाडणारा बर्गर्स डिसीज तंबाखूशी घट्ट जोडलेला आहे. विडी, सिगारेट पूर्ण सुटल्याशिवाय तो थांबत नाही. ‘फक्त मळून खातो’ ही सबबही तिथे चालत नाही.

उपचार आहेत आणि ते केवळ ऑपरेशनचे नाहीत. जखम किंवा रात्रीची वेदना नसेल, तर डॉक्टरांच्या सल्ल्याने दुखेपर्यंत चालणे, थांबणे आणि पुन्हा चालणे या नियमित व्यायामाने चालण्याचे अंतर वाढते. जोडीला औषधे असतात. गरज पडली तर अँजिओप्लास्टी किंवा बायपास करता येते. जगातली पहिली अँजिओप्लास्टी हृदयाची नव्हे, पायाचीच होती. १९६४ मध्ये अमेरिकेतील पोर्टलंड येथे चार्ल्स डॉटर यांनी पाय कापून घ्यायला नकार देणाऱ्या ८२ वर्षांच्या एका महिलेची धमनी नळीने रुंद केली आणि तिचा पाय वाचला. हृदयातली फुग्याची अँजिओप्लास्टी त्यानंतर १३ वर्षांनी, १९७७ मध्ये झुरिक येथे आंद्रेआस ग्रुंट्झिग यांनी केली.

डॉक्टरांना काय विचारावे?

अँजिओपॅथी हे संपूर्ण निदान नसून निदानाचे शीर्षक आहे. त्याखालचा मजकूर तीन प्रश्नांतून मिळतो. कोणत्या अवयवाची रक्तवाहिनी? मोठी की बारीक? आणि कारण कोणते : मधुमेह, रक्तदाब, तंबाखू, वय की आणखी काही? मधुमेह असेल तर चौथा प्रश्नही विचारावा : डोळ्याचा पडदा, लघवीतले अल्ब्युमिन आणि पायाची नाडी यांची या वर्षीची तपासणी झाली आहे का?

काही लक्षणांत मात्र प्रश्न विचारत बसण्याइतका वेळ नसतो. रात्री झोपेत पाऊल दुखणे आणि पाय पलंगाखाली सोडल्यावर बरे वाटणे, दोन आठवड्यांतही न भरणारी जखम किंवा बोट काळे पडणे, यांपैकी काहीही दिसले तर लगेच व्हॅस्क्युलर सर्जनकडे जावे. पाय अचानक थंड, पांढरा आणि बधिर पडून खूप दुखू लागला, तर सकाळची वाट न पाहता त्याच रात्री रुग्णालय गाठावे. अशा पायाला वाचवण्यासाठी बहुधा काही तासांचाच अवधी मिळतो.