प्लेट, रॉड आणि मोडलेलं हाड

• मोडलेले तुकडे जागेवर बसवून शरीराच्या आतूनच धातूने पक्के धरायचे, ही पद्धत. धातू : स्टेनलेस स्टील किंवा टायटॅनियम.

• प्लेट-स्क्रू : तुकडे एकमेकांवर दाबले जातात, फटीतली हालचाल जवळपास थांबते. त्यामुळे बाहेरून गाठ न येता हाड जुळतं. हाताच्या पुढच्या भागाच्या हाडांना, सांध्यालगतच्या फ्रॅक्चरला हीच पद्धत. ३.५ मिमीच्या स्क्रूसाठी भोक २.५ मिमीचं पाडतात, म्हणजे आटे हाडात रुततात.

• रॉड : मांडी-नडगीच्या हाडाच्या पोकळीत. किंचित हालचाल राहते, गाठ धरून हाड जुळतं. जर्मनीचे सर्जन कुंचर यांनी १९३९मध्ये मांडीत असा रॉड घातला.

• हाड आतून धरण्याच्या या पद्धतीवर काम करणारा स्वित्झर्लंडमधल्या सर्जनांचा ‘एओ’ गट : स्थापना १९५८.

• उघडी, मातीने माखलेली जखम असेल तर बरेचदा आधी हाड बाहेरून धरणारी चौकट. किल्लारीच्या भूकंपासारख्या (३० सप्टेंबर १९९३, पहाटे ३.५६) आपत्तीत ढिगाऱ्याखाली अशा जखमा होतात.

• प्लेट बसली म्हणजे हाड जुळलं नव्हे, हे घरच्यांनी जरूर लक्षात घ्यावं. हाड जुळलंच नाही, तर धातू थकून तुटतो.

• सरकारी सोय : नांदेडला विष्णुपुरीतलं डॉ. शंकरराव चव्हाण, लातूरला विलासराव देशमुख वैद्यकीय महाविद्यालय. उपचारांच्या खर्चासाठी असलेल्या आजच्या महात्मा फुले जनआरोग्य योजनेच्या (सुरुवात २०१२, राजीव गांधी जीवनदायी नावाने) पहिल्या ८ जिल्ह्यांत नांदेड होतं.