आखाजीचा झोका

वैशाखाचं ऊन जळगाव-धुळ्याला भाजून काढायला लागलं की खान्देशात एक मोठा सण येतो, आखाजी! पंचांगात तिलाच अक्षय्यतृतीया म्हणतात. घरोघरी पितरांच्या नावानं घागर भरतात, खापरावरच्या पुरणपोळ्या अन् आमरसाचा बेत होतो. पण सणाची खरी मानकरी असते माहेरी आलेली लेक. भाऊ तिला सासरहून घेऊन येतो. मग निंबाला झोके बांधतात, गौराईची गाणी रंगतात.

जुन्या काळी झोक्यावरच्या त्या सासुरवाशिणी केवढ्या असत, ठाऊक आहे? तुमच्याएवढ्या! आसोद्याच्या बहिणाबाई तेराव्या वर्षी लग्न होऊन जळगावच्या चौधरींच्या घरी आल्या. पुढे ऐन तारुण्यात त्यांना वैधव्य आलं. शेत, घर आणि तीन मुलं सांभाळता सांभाळता त्यांनी गाणी रचली. त्यात आखाजीचंही गाणं आहे. त्यांना लिहिता-वाचता येत नव्हतं. आज जळगावच्या विद्यापीठाला मात्र त्यांचंच नाव आहे!

तेव्हाच्या आईबापांचं लेकीवर प्रेम नव्हतं का? होतं की! पण मुलगी लवकर उजवणं हेच ते आपलं कर्तव्य मानत. तिला विचारायची रीतच नव्हती.

काळ बदलला. १९२९ च्या शारदा कायद्यानं मुलीच्या लग्नाचं वय किमान १४ ठरवलं. १९७८ मध्ये ते १८ झालं. २००६ च्या कायद्यानं तर लहानपणी लावलेलं लग्न कोर्टाकडून रद्द करून घेण्याची सोयही केली.

तरीही आखाजीला वेगळा मुहूर्त बघावा लागत नाही, म्हणून लग्नांची धांदल उडते. त्या गर्दीत एखादी शाळकरी मुलगीही बोहल्यावर उभी केली जाते. ‘स्थळ चांगलं आहे’, ‘भाऊबंदांत शब्द दिलाय’, कारणं जुनीच! मैत्रिणीवर अशी वेळ आली तर गप्प बसू नका. बाईंना, सरांना सांगा किंवा १०९८ वर फोन करा. त्याला पैसे पडत नाहीत.

आईबाबांचा मान राखणं हे आपलं कर्तव्यच. पण ‘मला अजून शिकायचंय’ असं सांगणं म्हणजे उलट उत्तर देणं नव्हे. अन् आईबाबा, ते ऐकून घेणं हे तुमचं कर्तव्य, बरं का!

येत्या आखाजीला आजीजवळ बसून विचारा, “आजी, लग्न झालं तेव्हा तू केवढी होतीस गं?” तिचं उत्तर घरातल्या सगळ्यांना ऐकू द्या.