कंट्रोलरशिवायचा अ‍ॅक्सेस पॉइंट

ऑफिसांतून निघालेले सिस्को एअरोनेट २६०२ अ‍ॅक्सेस पॉइंट जुन्या बाजारात स्वस्तात मिळतात. यंत्र दणकट, पण घरी आणून जोडलं की वायफाय दिसतच नाही. कारण त्यात 'लाइटवेट' फर्मवेअर असतं. ते सतत कंट्रोलर, म्हणजे अशी यंत्रं चालवणारं मध्यवर्ती यंत्र, शोधत राहतं आणि घरात कंट्रोलर नसतो! उपाय म्हणजे 'ऑटोनॉमस' फर्मवेअर. फाइलच्या नावात के९डब्ल्यू८ असेल तर लाइटवेट, के९डब्ल्यू७ असेल तर ऑटोनॉमस. हा एक आकडा नीट बघा, सगळी गंमत तिथेच आहे.

फर्मवेअर बदलण्यासाठी यंत्र केबलने कॉम्प्युटरला जोडा, कॉम्प्युटरला १०.०.०.२ हा आयपी द्या, टीएफटीपी सर्व्हर चालू करा, फायरवॉल थोडा वेळ बंद ठेवा. फाइलचं नाव एपी३जी२-के९डब्ल्यू७-टार.डिफॉल्ट असंच हवं, अर्थात इंग्रजी अक्षरांत. एक अक्षर चुकलं तरी यंत्र ती उचलत नाही. आता मोड बटण दाबून धरूनच वीज द्या आणि दिवा लाल होईपर्यंत, साधारण २०-३० सेकंद, बोट काढू नका. मग यंत्र स्वतः १०.०.०.१ होऊन फाइल ओढून घेतं. काही मिनिटं लागतात. मध्येच वीज तोडू नका. कन्सोल केबल असेल तर ९६०० बॉडवर हे सगळं डोळ्यांसमोर दिसतं, आणि ते बघण्यात खरा आनंद आहे.

फर्मवेअर बसलं की लॉगिन करा: युजरनेम आणि पासवर्ड दोन्ही 'सिस्को', पहिलं अक्षर कॅपिटल. लगेच बदला. रेडिओ सुरुवातीला बंदच असतात, ते आपण चालू करायचे.

२८००, ३८०० ही मॉडेल्स घेताना मात्र थांबा, त्यांना ऑटोनॉमस फर्मवेअर नाही. तिथे मोबिलिटी एक्सप्रेस, म्हणजे यंत्रातच कंट्रोलर असलेलं फर्मवेअर, वापरावं लागतं.