जुन्या फोनला नवा कारभारी

मोबाईल फोनच्या आत एक कारभारी असतो. बोट लागले की काय करायचे, हे तोच ठरवतो. त्याला ऑपरेटिंग सिस्टिम म्हणतात. पुष्कळ फोनांत अँड्रॉइड नावाची सिस्टिम असते.

या सिस्टिममध्ये अधूनमधून फटी सापडतात. फटीतून चोर आत शिरतो. कंपनी दुरुस्ती पाठवून फट बुजवते. पण काही वर्षांनी दुरुस्ती येणे थांबते. फोन धडधाकट असतो, पण त्याची राखण जाते. मग काय, फोन टाकून द्यायचा?

उपाय आहे. अँड्रॉइडचा मूळ कोड खुला आहे. तो कोणीही वाचावा, सुधारावा. २००९ साली अमेरिकेतील स्टीव्ह कोंडिक यांनी त्यातून सायनोजेनमॉड ही सिस्टिम तयार केली. २०१६ च्या अखेरीस तिचे काम थांबले. पण कोड खुला होता. इतरांनी तो उचलला आणि लिनिएजओएस या नावाने काम पुढे चालवले. ही सिस्टिम फुकट मिळते.

मात्र घाई करू नका. ती ठरावीक फोनांवरच चालते. आपला फोन तिच्या यादीत आहे का, ते आधी पाहा. ती घालताना फोनमधले फोटो, नंबर पुसले जातात. त्यांची नक्कल काढून ठेवा. चुकीची फाइल घातली तर फोन कायमचा बंद पडू शकतो. बँकेची काही ॲप तिच्यावर चालत नाहीत. म्हणून जाणत्या माणसाला सोबत घ्या. अनोळखी माणसाने दिलेली फाइल घालू नका.

आणि हे ध्यानात ठेवा : राखण गेलेल्या फोनवरून पैशाचा व्यवहार करू नये.