मूकपटातील लय : ‘कालियामर्दन’च्या निमित्ताने

पॉप गीताच्या चित्रफितीत दृश्य आणि नृत्य यांचा संबंध कोणत्या तत्त्वावर उभा असतो, हा प्रश्न वरवर पाहता सोपा आहे. गीताचे ध्वनिमुद्रण आधी होते. चित्रीकरणाच्या वेळी तेच गीत वाजविले जाते. नर्तक त्याच्या मात्रांवर पदन्यास करतात आणि संकलक बहुधा त्याच मात्रांवर दृश्ये तोडतो. येथे ध्वनी हा नियम घालून देणारा व देह हा तो पाळणारा असतो. परंतु हा क्रम चलच्चित्राच्या स्वभावातच आहे काय? या प्रश्नाच्या विचारास नाशिक येथेच निर्माण झालेला एक मूकपट उपयोगी पडतो.

त्र्यंबकेश्वर येथे १८७० साली जन्मलेल्या धुंडिराज गोविंद फाळके यांनी १९१८ साली स्थापन झालेल्या हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनीसाठी नाशकात जे चित्रपट केले, त्यांत ‘कालियामर्दन’ (१९१९) प्रमुख होय. कृष्णाची भूमिका त्यांची कन्या मंदाकिनी हिने केली. तिचे वय त्या वेळी सुमारे सात वर्षांचे होते. चित्रपटाच्या प्रारंभी ही बालिका प्रेक्षकांसमोर निरनिराळे मुखभाव दाखविते आणि त्यानंतर तिचे रूप कृष्णाच्या रूपात विलीन होते. नट आणि भूमिका यांतील अंतर न लपविता ते रसिकांपुढे मांडण्याची ही रीत आहे. आजच्या चित्रफितीत गायक थेट आपल्याकडे पाहून गातो, तेव्हा तीच संमुखता पुन्हा प्रकट होते, असे म्हणावयास हरकत नाही.

डोहातील झुंजीचे दृश्य या दृष्टीने विशेष अभ्यसनीय आहे. चौकट बहुधा स्थिर आहे आणि गती प्रामुख्याने देहांची आहे. पाण्याखालील झुंज आणि तीरावरील जनांची व्याकुळता ही दृश्ये आलटून पालटून येतात. ताल ऐकू येत नसला, तरी हालचाल, विराम आणि पुनरागमन यांतून लयीचा प्रत्यय येतो. मूकपटाच्या खेळात तबला, पेटी इत्यादी वाद्यांची साथ प्रत्यक्ष दिली जात असे. वादक पडद्याकडे पाहून वाजवीत. म्हणजे येथे देह नियम घालून देतो आणि ध्वनी तो पाळतो. उपरोक्त क्रम अपरिहार्य नाही, हे यावरून स्पष्ट होते.

तथापि या लयीविषयी मत बनविण्यापूर्वी अभ्यासकाने एका तांत्रिक गोष्टीचा विचार केला पाहिजे. त्या काळी कॅमेरा हाताने फिरविला जाई व सेकंदास साधारणतः १६ चित्रे घेतली जात; हाताच्या गतीनुसार ही संख्याही कमीअधिक होई. बोलपटाच्या आगमनानंतर सेकंदास २४ चित्रे हा संकेत रूढ झाला. १६ च्या गतीने घेतलेले दृश्य २४ च्या गतीने दाखविल्यास एका मिनिटाची हालचाल ४० सेकंदांत संपते. मग डौलदार पाऊल उड्या मारल्यासारखे दिसते आणि भक्तिभावाच्या जागी हास्यरस उत्पन्न होतो. जुन्या मूकपटांतील अभिनयास ‘बालिश’ ठरविणारे कित्येक अभिप्राय वस्तुतः या गतिभेदावर आधारलेले असणे संभवनीय आहे.

आजचे चित्रफितकार हाच गतिभेद हेतुतः योजतात. गीत दुप्पट वेगाने वाजवून सेकंदास ४८ चित्रे घ्यावयाची व ती २४ च्या गतीने दाखवावयाची. म्हणजे ओठांची हालचाल मूळ गीताशी जुळते, परंतु केस, वस्त्रे व पावले मंद तरंगत असल्याचा भास होतो. जे एका ठिकाणी सौंदर्याचे साधन आहे, तेच दुसऱ्या ठिकाणी अनवधानामुळे विकृतीचे कारण होते.

सारांश, चलच्चित्रातील नृत्यरचना केवळ नर्तकाच्या देहात नसते. देह, यंत्राची गती आणि ध्वनीशी असलेला संबंध या तिहींतून ती सिद्ध होते. म्हणून ‘कालियामर्दन’ पाहणाऱ्या विद्यार्थ्याने प्रथम आपल्यासमोरील प्रत कोणत्या गतीने दाखविली जात आहे याची खात्री करून घ्यावी आणि मगच तिच्या कलागुणांविषयी निर्णय द्यावा.