जागल, महामार्ग आणि मोबाईल : आपले लक्ष कोठे जाते?

वर्धा जिल्ह्याच्या सेलू तालुक्यात हिंगणी हे गाव आहे. गावापलीकडे बोर धरण आणि त्याच्या भोवतीचे जंगल पसरले आहे. १९७० साली अभयारण्य म्हणून घोषित झालेल्या या जंगलाला २०१४ साली व्याघ्र प्रकल्पाचा दर्जा मिळाला. त्या वेळचे त्याचे क्षेत्र अवघे १३८ चौरस किलोमीटर, म्हणजे देशातील लहानात लहान व्याघ्र प्रकल्पांपैकी तो एक. या जंगलाच्या कडेने कापूस, तूर, सोयाबीन व हरभऱ्याची शेते आहेत. पीक हाताशी आले की रानडुकरे व रोही शेतात उतरतात आणि एका रात्रीत महिन्यांच्या कष्टांची माती होते. म्हणून अशा जंगलालगतच्या गावांतील शेतकऱ्याला जागलीला जावे लागते.

जागल म्हणजे केवळ झोप न घेणे नव्हे. मचाणावर बसून अंधाराकडे कान व डोळे लावणे, पानांच्या सळसळीतून जनावराची चाहूल वेगळी ओळखणे, हे जागलीचे खरे काम आहे. असे असूनही पुष्कळदा जागा असलेल्या माणसाच्या नकळत कळप शेत तुडवून जातो आणि सकाळी घरच्यांचा प्रश्न येतो, 'तुमचे लक्ष कोठे होते?' हाच प्रश्न आपण अभ्यासाला बसलेल्या मुलाला, वाहनचालकाला आणि प्रार्थनेत मन भरकटलेल्या स्वतःलाही विचारीत असतो. प्रश्नामागे बहुधा आरोप असतो. मानसशास्त्र व मेंदूविज्ञान या आरोपाविषयी काय सांगतात, हे प्रस्तुत लेखात पाहण्याचा आमचा प्रयत्न आहे.

लक्ष म्हणजे निवड

मराठीला अवधानाची ओळख जुनी आहे. ज्ञानेश्वरीच्या नवव्या अध्यायाचा आरंभच मुळी श्रोत्यांकडे अवधान मागून होतो. बोलणारा कितीही समर्थ असला तरी ऐकणाऱ्याने लक्ष दिल्यावाचून बोलणे पोहोचत नाही, ही जाणीव त्यामागे आहे. आधुनिक मानसशास्त्रात विल्यम जेम्स या अमेरिकन विचारवंताने १८९० साली आपल्या ग्रंथात अवधानाचे विवेचन केले. त्याचे सार असे की, एका गोष्टीकडे लक्ष देणे म्हणजे इतर अनेक गोष्टी सोडून देणे होय. या क्षणी आपल्या पायांना चपलेचा स्पर्श होत आहे, पंख्याचा आवाज कानांवर पडत आहे. तथापि हे वाक्य वाचेपर्यंत आपणांस त्याचे भान नव्हते.

कॉलिन चेरी यांनी १९५३ साली केलेला प्रयोग प्रसिद्ध आहे. श्रोत्याच्या दोन्ही कानांत एकाच वेळी दोन वेगवेगळी भाषणे ऐकविली आणि त्यांपैकी एकच मोठ्याने म्हणावयास सांगितले. दुसऱ्या कानातील भाषणाचा अर्थ श्रोत्यांना जवळजवळ काहीच सांगता आला नाही. पुढे १९५९ साली नेव्हिल मोरे यांना आढळले की, दुर्लक्षित कानात स्वतःचे नाव उच्चारले गेले तर सुमारे एक तृतीयांश लोकांना ते ऐकू येते. यावरून दोन गोष्टी कळतात. मन आपले दार बरेचसे लावून घेते. परंतु जे आपल्याला अत्यंत जवळचे आहे त्यासाठी एक फट ठेवते. जत्रेच्या गोंगाटात आपल्याच बाळाचे रडणे आईला ऐकू येते, ते असेच काहीसे आहे.

जागल का ढळते?

दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश हवाई दलातील रडारवर बसणाऱ्या जवानांकडून शत्रूच्या खुणा निसटत असत. ते आळशी नव्हते, अप्रशिक्षितही नव्हते. याचे कारण शोधण्यासाठी नॉर्मन मॅकवर्थ यांनी केंब्रिज येथे घड्याळासारखे एक यंत्र तयार केले. त्याचा काटा ठरावीक लहान उडी मारीत असे. क्वचित दुप्पट उडी घेई. ती दिसताच कळ दाबावयाची, एवढेच काम. १९४८ साली प्रसिद्ध झालेल्या या प्रयोगांत असे दिसले की, पहिल्या अर्ध्या तासानंतरच चुका लक्षणीय वाढतात.

जागलीची गत हीच आहे. जे येण्याची वाट पाहायची ते बहुतेक वेळ येतच नाही. अशी एकसुरी व दुर्मीळ प्रसंगाची राखण मेंदूला सर्वांत जड जाते. मॅकवर्थ यांनी त्यावरील उपायही दाखविला. अर्धा तास काम व अर्धा तास विश्रांती अशी पाळी लावल्यास लक्ष टिकून राहते. आपल्या शेतकऱ्यांनी दोघांनी मिळून पाळीपाळीने जागल करण्याची रीत ठेवली आहे, ती म्हणूनच शहाणपणाची आहे. एकट्या माणसावर सबंध रात्रीची राखण सोपवणे म्हणजे त्याच्या मेंदूकडून न होणारे काम मागणे होय. जंगलाच्या कडेला, जेथे वाघाचाही वावर असतो, तेथे तर हा जिवाचा प्रश्न आहे.

मेंदूतील तीन व्यवस्था

मायकेल पोस्नर व स्टीव्हन पीटरसन यांनी १९९० साली मांडलेल्या विचारानुसार अवधान ही एकच शक्ती नसून मेंदूत त्याच्या तीन व्यवस्था आहेत. पहिली जागृत ठेवणारी. मेंदूच्या देठात 'लोकस सेरुलिअस' नावाचा पेशींचा छोटासा पुंजका आहे. तेथून नॉरॲड्रेनलीन हे रसायन मेंदूभर पोहोचते आणि माणूस सावध होतो. दुसरी व्यवस्था दिशा देणारी. कोठे पाहायचे, कोठे कान द्यायचा, हे ती ठरवते. मेंदूचा माथ्याकडील भाग यात प्रमुख असतो. तिसरी व्यवस्था आवर घालणारी. एकाच वेळी दोन ओढी लागल्या तर कोणती धरायची व कोणती सोडायची, हा निर्णय कपाळामागील मेंदूच्या साहाय्याने होतो.

ही तिसरी व्यवस्था पालकांनी विशेष समजून घेण्यासारखी आहे. कपाळामागील मेंदूची वाढ विशीच्या मध्यापर्यंत चालू राहते. म्हणून दहा वर्षांच्या मुलाने मोठ्यांसारखे मन आवरावे, ही अपेक्षा निसर्गालाच धरून नाही. शिवाय काही मुलांमध्ये अवधान-न्यूनता व अतिचंचलता ही जन्मापासूनच्या जडणघडणीशी निगडित अवस्था असते. तो खोडकरपणा किंवा वाईट संस्कारांचा परिणाम नव्हे. घरी, शाळेत, सर्वत्र सतत तोच त्रास दिसत असेल तर बालरोगतज्ज्ञ वा मानसोपचारतज्ज्ञ यांना दाखवावे. त्यावर उपचार आहेत. छडी हा उपचार नव्हे.

डोळे उघडे, तरी दिसत नाही

१९९९ साली डॅनियल सायमन्स व ख्रिस्तोफर शाब्री यांनी चेंडू खेळणाऱ्या मुलांची एक चित्रफीत लोकांना दाखवून चेंडूची फेक मोजावयास सांगितले. मधूनच गोरिलाचा वेष घातलेली एक व्यक्ती खेळणाऱ्यांमधून चालत गेली. पाहणाऱ्यांपैकी सुमारे निम्म्यांना ती दिसलीच नाही. हे नवख्यांचे झाले, असे कोणी म्हणेल. परंतु २०१३ साली २४ क्ष-किरणतज्ज्ञांना फुफ्फुसातील गाठी शोधावयास सांगून एका चित्रात गोरिलाची आकृती टाकण्यात आली. त्यांपैकी २० जणांना ती दिसली नाही. डोळ्यांवर प्रतिमा पडणे वेगळे आणि पाहणे वेगळे. 'समोर होते तरी दिसले नाही' असे सांगणारा माणूस खोटे बोलत असेलच असे नाही.

सरळ रस्त्याचा धोका

वर्धा जिल्ह्यातूनच जाणारा नागपूर-मुंबई समृद्धी महामार्ग ११ डिसेंबर २०२२ रोजी शिर्डीपर्यंत खुला झाला आणि जून २०२५ मध्ये त्याचे ७०१ किलोमीटर पूर्ण झाले. आरंभीच्या महिन्यांतील अपघातांनी सर्वांना हादरविले. नागपूरच्या विश्वेश्वरय्या राष्ट्रीय तंत्रज्ञान संस्थेतील अभ्यासातून २०२३ साली 'महामार्ग संमोहन' या कारणाकडे लक्ष वेधले गेले. वळण नाही, सिग्नल नाही, दृश्य बदलत नाही. चालकाचे हात सुकाणूवर व डोळे उघडे असतात, पण सावधपणा मावळलेला असतो. मॅकवर्थ यांचे घड्याळच जणू शंभराच्या वेगाने धावू लागते.

यात जागरणाची भर पडली तर धोका कितीतरी वाढतो. १९९७ सालच्या एका ऑस्ट्रेलियन अभ्यासात असे दिसले की, सलग १७ तास जागे राहिलेल्या माणसाची कार्यक्षमता रक्तात ०.०५ टक्के मद्य असलेल्या माणसाइतकी घसरते. आपल्या देशात वाहनचालकासाठी कायद्याची मर्यादा ०.०३ टक्के आहे. रात्रभर जागल करून किंवा रात्रीच्या विजेवर हरभऱ्याला पाणी देऊन सकाळी मोटारसायकलने तालुक्याला निघणाऱ्या आपल्या बांधवांनी हा आकडा ध्यानात ठेवावा. थेंबभरही मद्य न घेता ते त्या अवस्थेत असू शकतात. तसेच, हातात न धरता कानाला लावून बोलला तरी मोबाईल सुरक्षित होत नाही. कारण हात मोकळे असले तरी लक्ष मोकळे नसते.

सायंकाळी सात वाजता

'आजच्या माणसाचे लक्ष आठ सेकंदही टिकत नाही' असे वारंवार छापून येते. या आकड्याला संशोधनाचा आधार नाही. तीन तासांचा चित्रपट पाहणारी मुले आपण रोज पाहतो. खरी अडचण वेगळी आहे. एका कामावरून दुसऱ्याकडे वळलेले मन पूर्णपणे वळत नाही. पहिल्या कामाचा अंश मागे रेंगाळतो, असे सोफी लरॉय यांनी २००९ साली दाखविले. दर पाच मिनिटांनी मोबाईल वाजत असेल तर मुलाचा अभ्यास दर वेळी नव्याने सुरू होतो.

सांगली जिल्ह्यातील मोहित्यांचे वडगाव या गावाने २०२२ साली यावर एकत्रितपणे तोड काढली. रोज सायंकाळी सात वाजता भोंगा वाजतो आणि दीड तास घराघरांतील दूरचित्रवाणी संच व मोबाईल बंद होतात. त्या वेळात मुले अभ्यास करतात, मोठी माणसे एकमेकांशी बोलतात. त्याच वर्षी यवतमाळ जिल्ह्यातील बान्सी गावाच्या ग्रामसभेने अठरा वर्षांखालील मुलांच्या मोबाईल वापरावर बंदीचा ठराव केला. दोहोंत आम्हांला वडगावची रीत अधिक भावते. कारण तेथे नियम मुलांपुरता नाही, आईवडीलही तो पाळतात. एकट्याने मोबाईल बाजूला ठेवणे कठीण जाते. साऱ्या गल्लीने ठेवला तर मन आवरण्याचे ओझे वाटले जाते.

आपल्या घरी हे सहज करता येईल. अभ्यासाच्या वेळी मोबाईल दुसऱ्या खोलीत असावा. तासाभराच्या कामात थोडी विश्रांती असावी. रात्रीची झोप मोडू नये. लांबच्या प्रवासात दर दोन तासांनी थांबावे. प्रार्थनेत मन भरकटले तर स्वतःवर चिडू नये. भरकटणे हा मनाचा स्वभाव आहे, त्याला हळूच परत आणणे हा सराव आहे.

सरतेशेवटी इतकेच की, लक्ष मोजके आहे, म्हणून ते मौल्यवान आहे. आजाऱ्याजवळ बसताना, म्हाताऱ्या आईची तीच गोष्ट पुन्हा ऐकताना, रात्रीची राखण करून आलेल्या माणसाला 'तुम्ही जेवलात का?' असे विचारताना आपण आपल्याजवळचे तेच मोजके धन दुसऱ्याला देत असतो. 'लक्ष कोठे होते?' असे विचारण्यापूर्वी आपण आपले लक्ष त्याला किती दिले, हे प्रत्येक कुटुंबाने एकदा पाहावे.