मोठा कांदा बुंबाय, छोटा कांदा तागालोग

मनिलाच्या बाजारात दोन जातींचे कांदे मिळतात. एक आपल्याकडच्यासारखा भरदार. त्याला म्हणतात 'सिबुयास बुंबाय'. दुसरा सांबारातल्या छोट्या कांद्याएवढा, जांभळट आणि चांगलाच तिखट. तो 'सिबुयास तागालोग'. सिबुयास हा स्पॅनिशमधून आलेला शब्द, बुंबाय म्हणजे मुंबई आणि तागालोग ही तिथली मुख्य भाषा. नवऱ्याच्या नोकरीमुळे आम्ही दोन वर्षं मनिलाला लागूनच्या केसोन सिटीत राहिलो. पहिल्याच आठवड्यात पालेंगकेत, म्हणजे मंडईत, माझ्या शहराचं नाव कांद्याच्या ढिगाशी ऐकू आलं आणि केवढा तरी आनंद झाला. भाजीवाल्या बाईंना मी 'आते' म्हणत असे. आते म्हणजे थोरली बहीण, आपली ताई. मराठी कानाला मात्र त्यात आत्याच ऐकू येते. मी भारतातून आले आहे हे कळल्यावर आते हसून शेजारणीला म्हणाल्या, "बुंबाय!" मला वाटलं कांद्याबद्दल बोलतायत. त्या माझ्याबद्दल बोलत होत्या.

भारतीय माणूस पंजाबचा असो की तामिळनाडूचा, फिलिपिनो बोलीत तो बुंबायच. या शब्दामागे एक इतिहास आहे. मोटारसायकलवरून गल्लोगल्ली फिरून बिनतारण कर्ज देणारे पंजाबी सावकार तिथे गावोगाव दिसतात. पाच घ्या, सहा परत करा, असा हिशेब, म्हणून धंद्याचं नावच 'फाइव्ह-सिक्स'. बँक ज्यांना दारात उभं करत नाही त्या भाजीवाल्या, मासळीवाल्या याच पैशावर दुकान लावतात. तरी पोरानं हट्ट केला की घरोघरी धाक घातला जातो, गप्प बस, नाहीतर बुंबाय येऊन पोत्यात घालून नेईल.

डिसेंबर उजाडला की त्याच मंडईत सफरचंदांच्या राशी लागतात. ग्वीमारास बेटाचा आंबा जगात नावाजलेला आहे, पण नाताळच्या आणि नववर्षाच्या रात्री टेबलावर सफरचंद, द्राक्षं, संत्री हवीतच. तुमचं फळ इतकं गोड असताना हे कशाला, असं मी एकदा विचारलं. आते म्हणाल्या, "इम्पोर्टेड आहे ना." त्यांना ते पुरेसं कारण वाटत होतं.

एकाच गल्लीत परक्याचा धाकही आणि परक्या वस्तूची ओढही. समाजशास्त्रात या दोन वृत्तींना नावं आहेत. आपला समाज हाच जगाचा मध्य मानून इतरांना त्या मापानं मोजणं ही स्वसमाजकेंद्री वृत्ती. हा शब्द रुळवला अमेरिकी प्राध्यापक विल्यम ग्रॅहॅम समनर यांनी, १९०६ च्या 'फोकवेज' या ग्रंथात. तिच्या उलट, परक्याचं तेच उत्तम मानणाऱ्या परसमाजकेंद्री वृत्तीला समाजशास्त्रज्ञांनी १९५१ मध्ये नाव दिलं. पुस्तकात या दोन्ही समोरासमोर मांडलेल्या असतात, जणू एकीकडून दुसरीकडे जायचं तर नदी ओलांडावी लागेल. फिलिपिन्समध्ये राहून माझं मत बदललं. दोन्ही एकाच शिडीवर उभ्या आहेत. ज्यानं माणसाला मान वर करून बघायला शिकवलं, त्यानंच पायाखालच्या पायरीवर कोण आहे तेही शिकवलं.

ही शिडी कुणी उभी केली, ते तारखांसकट सांगता येतं. १५६५ ते १८९८ स्पेनचं राज्य. धर्मगुरूंच्या हाती गावं, आणि माणसांची उतरंड रक्तावर: स्पेनमध्ये जन्मलेला सर्वांत वर, मग इथे जन्मलेला स्पॅनिश, मग मिश्र रक्ताचा मेस्तिसो, आणि तळाशी 'इंदिओ', म्हणजे मूळचा रहिवासी. १८४९ मध्ये गव्हर्नर क्लाव्हेरिया यांनी आडनावांची छापील यादीच काढली आणि कुटुंबांना तीतून आडनावं वाटली. आल्बाय प्रांतातल्या ओआस गावाच्या वाट्याला 'र' अक्षराची पानं आली, तिथे आजही घरोघरी र वरूनच आडनाव. उतरंडीनं माणसाच्या मनाचं काय केलं, ते होसे रिझाल यांनी 'नोली मे तांगेरे' या १८८७ च्या कादंबरीत दाखवलं. त्यातली दोन्या व्हिक्टोरिना ही इथलीच बाई. पण चेहऱ्यावर पावडरचे थर, तोंडी मोडकं स्पॅनिश, आणि स्पॅनिश नवऱ्याच्या आडनावात भर म्हणून स्वतः घातलेला एक जास्तीचा 'दे'. आजही परदेशी थाट मिरवणाऱ्या बाईला तिथे याच नावानं ओळखतात. रिझालना स्पॅनिशांनी ३० डिसेंबर १८९६ ला गोळ्या घातल्या.

पुढे जे घडलं ते मला अधिक जखम करणारं वाटतं. १२ जून १८९८ ला क्रांतिकारकांचे नेते आगिनाल्दो यांनी काव्हीतच्या आपल्या घरातून स्वातंत्र्य जाहीर केलं. दोनच महिन्यांनी स्पेन आणि अमेरिका यांनी आधी ठरवून एक लुटुपुटूची लढाई केली. मनिला एकाच्या हातातून दुसऱ्याच्या हातात गेलं आणि फिलिपिनो सैन्याला वेशीबाहेर ठेवलं गेलं. डिसेंबरात पॅरिसच्या तहानं अमेरिकेनं दोन कोटी डॉलरना हा देश घेतला. फेब्रुवारी १८९९ मध्ये युद्ध पेटलं. लढाई, उपासमार आणि रोगराईत दोन लाखांच्या आसपास सामान्य माणसं मेल्याचा अंदाज आहे. गोऱ्या माणसाच्या खांद्यावरच्या ओझ्याची ती प्रसिद्ध कविता किपलिंगनं त्याच महिन्यात छापली, ती अमेरिकेनं फिलिपिन्स ताब्यात घ्यावं म्हणून. किपलिंग जन्मला मुंबईत, जे. जे. कलाशाळेच्या आवारात. महिनाभर आधी येल विद्यापीठात एक प्राध्यापक याच्या नेमकं विरुद्ध व्याख्यान देत होते. प्रत्येक सत्तेला आपणच जगाला सुधारणार असं वाटत असतं, आणि ज्यांना सुधारायचं त्यांना ते तसं वाटत नाही, असा त्यांचा रोख होता. ते प्राध्यापक म्हणजे वर आलेले समनरच. त्यांनी पुढे शब्द रुळवला, त्याआधी फिलिपिन्सच्या निमित्तानं ती वृत्ती आपल्याच देशात पाहिली होती.

बंदुकीनंतर आली शाळा. २१ ऑगस्ट १९०१ ला 'थॉमस' नावाचं जहाज सुमारे ५०० अमेरिकी शिक्षकांना घेऊन मनिला बंदरात शिरलं. या शिक्षकांना आजही 'थॉमसाइट' म्हणतात, आणि प्रेमानं म्हणतात. स्पॅनिशांच्या राज्यात सामान्यांपर्यंत शिक्षण फारसं पोचलं नव्हतं. यांनी खेडोपाडी शाळा काढल्या, त्यातले काही पटकीनं तिथेच मेले. हे ऋण खोटं नाही. पण शिकवण्याची भाषा पहिल्या दिवसापासून इंग्रजी. ज्या मुलानं बर्फ पाहिला नाही त्याच्या पहिल्या धड्यात बर्फ, आणि 'ए' अक्षरासाठी सफरचंद. आतेंच्या डिसेंबरातल्या राशीचं मूळ मला तिथे दिसतं. इतिहासकार रेनातो कॉन्स्तांतिनो यांनी १९६६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या निबंधात स्पष्ट लिहिलं, की ही शाळा देश शांत करण्याचं हत्यार होती, आणि इंग्रजीनं शिकलेल्यांना स्वतःच्याच लोकांपासून तोडलं.

आजही कुणी फर्डं इंग्रजी बोलू लागला की ऐकणारा नाकावर हात ठेवून 'नोजब्लीड' म्हणतो: नाकातून रक्त यायची वेळ आली. हसतखेळतच म्हणतात, पण भाषेनं जखम होते हे त्या शब्दात आहे. २०१३ च्या कायद्यानं बालवाडी आणि प्राथमिक शाळेची पहिली तीन वर्षं मातृभाषेतून शिकवायचं ठरलं होतं. २०२४ मध्ये दुसऱ्या कायद्यानं ती सक्ती उठली.

फिलिपिनोत 'उतांग' म्हणजे कर्ज, आणि 'उतांग ना लोओब' म्हणजे मनातलं कर्ज, कधीच न फिटणारे उपकार. दुसऱ्या महायुद्धाच्या शेवटी, १९४५ च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये, जपान्यांकडून मनिला सोडवताना सुमारे एक लाख नागरिक मेले, शहराचा ढिगारा झाला, तरी अमेरिका लोकांच्या मनात सोडवणारी म्हणून बसली. ४ जुलै १९४६ ला स्वातंत्र्य मिळालं, तेही अमेरिकेच्याच स्वातंत्र्यदिनी. सोबत आला बेल व्यापार कायदा, ज्यासाठी नव्या देशाला आपली राज्यघटना बदलून अमेरिकी माणसाला नैसर्गिक संपत्तीवर स्वतःच्या नागरिकाइतका हक्क द्यावा लागला. राष्ट्राध्यक्ष माकापागाल यांनी १९६२ मध्ये स्वातंत्र्यदिन पुन्हा १२ जूनला आणला.

अमेरिकी तळ मात्र राहिले. क्लार्क आणि सुबिक इथल्या सैनिकी दुकानांतून साबण, चॉकलेट, डबाबंद मांस बाहेर झिरपायचं. त्या मालाला शब्द पडला 'स्टेटसाइड'. तळ गेले; १६ सप्टेंबर १९९१ ला फिलिपिन्सच्या सिनेटनं १२ विरुद्ध ११ मतांनी तळांचा करार फेटाळला. शब्द राहिला. तो मी नाकानं अनुभवला आहे. शेजारच्या घरी 'बालिकबायान' खोका आला होता. बालिक म्हणजे परतणं, बायान म्हणजे आपलं गाव, आपला देश. परदेशी गेलेला माणूस महिनोन् महिने घराच्या कोपऱ्यात एक मोठा पुठ्ठ्याचा खोका भरत राहतो आणि तो बोटीनं घरी पाठवतो. पैसे वजनावर नसतात, खोक्यावर असतात; म्हणून रिकामी फट दिसली की त्यात मोजे, चॉकलेट, टूथपेस्ट कोंबायची. मधली पट्टी कापली आणि साबण, कॉफी, नवं कापड यांचा एकत्र वास खोलीभर झाला. आजी डोळे मिटून म्हणाली, "आमोय स्टेटसाइड." स्टेटसाइडचा वास. यातल्या निम्म्या वस्तू कोपऱ्यावरच्या दुकानात मिळतात हे तिलाही माहीत होतं. पण नर्स म्हणून गेलेल्या लेकीनं प्रत्येक डब्यावर नाव लिहिलं होतं, हा काकाचा, हा धाकटीचा. त्या खोक्याला केवळ परक्याचं वेड म्हणणाऱ्या अभ्यासकांशी मी सहमत नाही. तो देश सोडावा लागलेल्या मुलीचा रोजचा विचार होता.

शिडीची खालची बाजू बघणं अधिक कठीण आहे. १९०४ मध्ये सेंट लुइसच्या जागतिक प्रदर्शनात अमेरिकेनं हजारावर फिलिपिनो माणसं मांडली. उत्तरेच्या डोंगरातल्या इगोरोतांनी कुत्रं मारून खाऊन दाखवावं, म्हणून तिथे गर्दी व्हायची. मनिलातल्या शिकलेल्या मंडळींना याचा संताप आला. इगोरोतांची विटंबना झाली म्हणून नव्हे. जगाला आपण सगळेच तसे वाटू, म्हणून. पुढे संयुक्त राष्ट्रांत नाव काढलेले कार्लोस रोमुलो यांनी १९४३ च्या पुस्तकात इगोरोत हे फिलिपिनो नाहीतच असं लिहिलं. ज्यांच्या पूर्वजांनी इफुगाओच्या डोंगरांवर भाताच्या पायऱ्या कोरल्या, आणि ज्या आज जागतिक वारसा म्हणून मिरवल्या जातात, त्यांच्याबद्दल. दक्षिणेच्या मुसलमानांना स्पॅनिशांनी 'मोरो' हे शत्रूचं नाव दिलं. ते तसंच चालू राहिलं. खेड्यातून आलेला 'प्रॉमदी'. मालिकांतली मोलकरीण बहुधा बिसाया बोलीच्या हेलात बोलते. आणि मग बुंबाय.

गोरेपणाचा हव्यास तर दुकानात शिरताच दिसतो: पपईचे केशरी साबण, ग्लुटाथायोनच्या गोळ्या. त्या पार्श्वभूमीवर मला नोरा औनोर फार मोठी वाटते. बिकोलमधल्या इरिगाची ही मुलगी लहानपणी रेल्वे स्टेशनवर पाणी विकायची. मेस्तिसा चेहऱ्यांशिवाय पडद्यावर नायिका नसते, अशा काळात ठेंगणी, 'कायुमांगी', म्हणजे गव्हाळ-सावळ्या रंगाची नोरा आली आणि देशानं तिला सुपरस्टार केलं. १९८२ चा 'हिमाला' हा चित्रपट तिचा. लोकांच्या डोळ्यांना सवय लागली होती ती गोऱ्या चेहऱ्याची. त्यांची भूक वेगळी होती, हे तिनं सिद्ध केलं.

सरकारी उपाय त्यामानानं अर्धवट ठरले. १९५८ चं 'आधी फिलिपिनो' धोरण अमेरिकी भांडवलाला आळा घालण्यासाठी होतं म्हणतात. पण त्याची झळ चिनी वंशाच्या व्यापाऱ्यांना लागली. १९८७ च्या आदेशानं रेडिओला ताशी किमान चार फिलिपिनो गाणी वाजवणं भाग पडलं, ते मात्र योग्यच झालं.

खरा बदल स्वयंपाकघरातून आला, असं मला वाटतं. मारिया ओरोसा सिअॅटलमध्ये शिकून परतल्या आणि टोमॅटोऐवजी केळ्याचं केचप करून दाखवलं. केळं तर परसातलं. फेब्रुवारी १९४५ मध्ये मनिलातल्या तोफमाऱ्यात त्या गेल्या. तेच गोड केचप आज स्पगेटीत पडतं, वर हॉटडॉगच्या चकत्या. १९७५ मध्ये क्युबाओत आइस्क्रीमचं दुकान काढणारे टोनी तान काकत्योंग यांनी पुढे जॉलिबी उभी केली. १९८१ मध्ये मॅकडोनाल्ड्स आली आणि देशात तिच्यापुढे जाऊ शकली नाही, कारण जॉलिबीचा बर्गर फिलिपिनो जिभेसाठी गोडसर होता. पदार्थ अमेरिकी, चव इथली. आणि ज्या कंपनीचा देशाला सर्वांत अभिमान, तिचा संस्थापक चीनच्या फूज्यानहून आलेल्या स्थलांतरिताचा मुलगा. 'आपलं' म्हणजे कोण, याचं याहून चांगलं उत्तर मला पुस्तकात सापडलं नाही.

पुस्तकातलं जवळचं उत्तर व्हिर्हिल्यो एन्रिकेझ यांचं. १९७०च्या दशकात त्यांनी फिलिपिनो भाषेतूनच मानसशास्त्र मांडायला घेतलं आणि 'काप्वा' या शब्दावर बोट ठेवलं. इंग्रजीतला 'दुसरा' आपल्याहून वेगळा असतो. काप्वात मी आणि तो दोघेही येतात. समोरचा परका की आपला, हे ठरतं ते त्याच्याशी कसं वागतो त्यावरून. वर्षभरानं आते माझा हिशेब वहीत मांडू लागल्या. पैसे उद्या द्या, तुम्ही 'सुकी', म्हणजे नेहमीचं गिऱ्हाईक. बुंबायनं आतेंकडून उधार घेतलं.

मनिलाच्या राष्ट्रीय संग्रहालयात तांब्याचा एक पातळ पत्रा आहे, जेमतेम वहीच्या पानाएवढा. लागुना प्रांतात नदीतून वाळू काढताना तो सापडला आणि १९८९ मध्ये उजेडात आला. तोवर देशाचा लेखी इतिहास १५२१ पासून, मॅगेलनच्या जहाजांपासून सुरू व्हायचा. पत्र्यावरची तारीख शके ८२२, वैशाख वद्य चतुर्थी, सोमवार. म्हणजे इसवी सन ९००. आपल्या पंचांगातला शक, आपला महिना, आपली तिथी. भाषा जुनी मलय, तीत भरपूर संस्कृत. मजकूर कर्जाचा आहे: नामवरान नावाच्या माणसाचं सोन्याचं देणं माफ झालं, त्याच्या मुलांना आणि नातलगांना आता ते लागू नये, आणि पुढे कधी कुणी म्हणालं की यांचं देणं अजून फिटलेलं नाही, तर...

तिथे ओळ तुटते. पुढचा पत्रा मिळालेला नाही.